१३४ गुणांची रेघ

२०१९ साली 'नीट' दिलेल्या खुल्या प्रवर्गातल्या विद्यार्थ्याला आयुर्वेदाच्या पदवीला, म्हणजे बीएएमएसला, प्रवेश हवा असेल तर ७२० पैकी किमान १३४ गुण लागत होते. १३३ पडले की तो अपात्र. मग महाविद्यालयात जागा रिकामी असो, संस्था घ्यायला तयार असो, वडील फी भरायला तयार असोत. याच रेघेवरून पंजाबातली विनाअनुदानित आयुर्वेद महाविद्यालयं उच्च न्यायालयात गेली आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचलं. २० फेब्रुवारी २०२० रोजी त्याचा निकाल लागला. ज्यांच्या घरात यंदा कोणी 'नीट' देणार आहे त्यांनी, आणि आयुर्वेदाच्या डॉक्टरकडे औषधाला जाणाऱ्या सगळ्यांनीच, हा निकाल नीट समजून घ्यावा असं मला वाटतं. त्यासाठी आधी ही रेघ कशाची बनली आहे ते पाहू.

'नीट'चा नियम गुणांत लिहिलेला नाही, तो पर्सेंटाइलमध्ये लिहिलेला आहे. मराठीत याला शततमक म्हणतात. टक्के आणि शततमक यांची गल्लत इतकी सर्रास होते की निम्मी भांडणं तिथेच सुरू होतात. टक्के म्हणजे शंभरातले किती गुण मिळाले. शततमक म्हणजे परीक्षा दिलेल्यांपैकी किती जण आपल्या बरोबरीला किंवा आपल्या मागे राहिले. २०१९ मध्ये १४,१०,७५५ मुलं परीक्षेला बसली होती. या सगळ्यांना कमीत कमी गुणांपासून जास्तीत जास्त गुणांपर्यंत एका ओळीत उभं करा आणि चालत चालत बरोबर मध्यावर या. तिथे उभ्या असलेल्या मुलाचे जे गुण, ते ५० वं शततमक. त्या वर्षी ते गुण निघाले १३४. अनुसूचित जाती, जमाती आणि इतर मागासवर्गासाठी ४० वं शततमक धरतात. ओळीत थोडं अलीकडे थांबायचं, तिथे गुण निघाले १०७. दिव्यांगांसाठी खुल्या प्रवर्गात ४५. या हिशेबाने त्या वर्षी ७,९७,०४२ विद्यार्थी पात्र ठरले. निम्म्याहून जास्त, कारण काहींसाठी रेघ ४० वर होती.

आता १३४ म्हणजे नेमकं किती? तेव्हा पेपरात १८० प्रश्न असत. बरोबर उत्तराला ४ गुण, चुकीला १ वजा. कोणी ३४ उत्तरं बरोबर लिहिली, २ चुकली आणि उरलेले १४४ प्रश्न कोरे सोडले, तरी त्याचे १३४ होतात. टक्क्यांत पाहिलं तर अठरा-साडेअठरा. प्रत्येक प्रश्नाला चार पर्याय असल्याने डोळे मिटून सगळ्या प्रश्नांवर खुणा केल्या तर सरासरीने ४५ गुण पडतात. म्हणजे ही रेघ निव्वळ नशिबाच्या वर आहे, पण फार उंच नाही. 'अठरा टक्क्यांत डॉक्टर?' असं विचारणाऱ्याचा राग मला कळतो. पण त्याने दोन गोष्टी लक्षात घ्याव्यात. ही गाळणी एकटी नाही. बारावीला भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र आणि जीवशास्त्र मिळून किमान ५० टक्के (राखीव प्रवर्गांना ४०) ही अट वेगळी आहे. शिवाय 'नीट'चा पेपर लाखो मुलांतून वरची काही हजार निवडता यावीत म्हणून काढलेला असतो, त्यामुळे तो मध्यावरच्या मुलाला अवघड जातोच.

दुसरी बाब जास्त महत्त्वाची. शततमक स्थिर असलं तरी गुण हलतात. खुल्या प्रवर्गाची हीच रेघ २०१८ मध्ये ११९ होती, २०१९ मध्ये १३४ आणि २०२० मध्ये १४७. नियमातला एक शब्दही बदलला नव्हता. पेपर बदलला, मुलांची तयारी बदलली. म्हणजे ही रेघ 'एवढं ज्ञान हवंच' असं सांगत नाही. 'या वर्षी परीक्षा दिलेल्यांच्या वरच्या अर्ध्यात तू हवास' एवढंच सांगते. ती ज्ञानाची काटेकोर मोजपट्टी आहे असा दावा कोणी करू नये. पण देशभर सगळ्यांना सारखी, आधी जाहीर केलेली आणि कोणा संस्थाचालकाच्या मर्जीवर न सोडलेली अशी रेघ दुसरी कुठली आहे, हाही प्रश्न तितकाच खरा आहे.

ही रेघ आखण्याचा हक्क कोणाचा, हे पाहायचं तर राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीपाशी जावं लागतं. तिथे विषयांच्या तीन याद्या आहेत: केंद्राची, राज्यांची आणि दोघांची मिळून समवर्ती. शिक्षण आधी राज्यांकडे होतं. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने ते समवर्ती सूचीत, २५ व्या नोंदीत आलं. पण उच्च शिक्षणातला दर्जा ठरवणं आणि त्यात समन्वय राखणं ही गोष्ट पहिल्यापासून केंद्राच्या सूचीत, ६६ व्या नोंदीत आहे. म्हणजे राज्याने प्रवेश द्यावेत, महाविद्यालयं चालवावीत. दर्जाचा तळ मात्र केंद्राने ठरवावा. आता कळीचा प्रश्न असा, की प्रवेशासाठी लागणारे किमान गुण ही 'प्रवेशा'ची बाब धरायची की 'दर्जा'ची? पहिली धरली तर राज्याला मोकळीक मिळते, दुसरी धरली तर मिळत नाही.

यावर सर्वोच्च न्यायालयाचं मत एकसारखं राहिलं नाही. १९९४ च्या एका निकालात असं म्हटलं गेलं होतं की शेवटची परीक्षा सगळ्यांना एकच असते, ती पास झाल्याशिवाय पदवी मिळत नाही, मग दारातून आत येताना किती गुण होते याने दर्जाला बाध कसा येईल? ऐकायला हा युक्तिवाद पटणारा आहे. आजही संस्थाचालकांच्या तोंडी तो असतो, आणि पालकांच्याही. १९९९ मध्ये डॉ. प्रीती श्रीवास्तव विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो बाजूला सारला. उत्तर प्रदेशात वैद्यकीय पदव्युत्तर प्रवेशासाठी खुल्या प्रवर्गाला ४५ टक्के आणि राखीव प्रवर्गाला २० टक्के अशी किमान मर्यादा ठेवली होती. तिथून हा वाद उभा राहिला होता. बहुमताचा निकाल न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी लिहिला. त्या मुंबई उच्च न्यायालयाच्या पहिल्या महिला न्यायमूर्ती आणि पुढे तिथल्याच मुख्य न्यायमूर्ती झालेल्या. निकालाचा गाभा असा, की वर्गात बसलेली मुलं कोणत्या तयारीची आहेत यावर शिकवण्याची पातळी ठरते, आणि शिकवण्याच्या पातळीवर बाहेर पडणारा डॉक्टर ठरतो. त्यामुळे प्रवेशाचा निकष हा दर्जाचाच भाग आहे. राज्याला केंद्राच्या वैद्यकीय परिषदेच्या निकषांहून वरचे निकष लावता येतील, खालचे लावता येणार नाहीत.

ज्याने कधी वर्गात शिकवलं आहे त्याला हे वेगळं सांगावं लागत नाही. शिक्षक वर्गाकडे पाहून वेग ठरवतो. समोरच्या निम्म्या मुलांना पेशीची रचना येत नसेल, तर दोष-धातू-मलांचा विचार आधुनिक शरीरक्रियेशी जोडून कसा समजावणार? शेवटची परीक्षा एकच असली तरी तिच्या उत्तरपत्रिका याच वर्गातून येतात, आणि सगळ्या वर्गाचीच पातळी खाली गेली तर परीक्षाही हळूहळू तिथे जाऊन बसते.

आता आयुर्वेदाकडे. १९७० च्या भारतीय चिकित्सा केंद्रीय परिषद अधिनियमाने आयुर्वेद, सिद्ध आणि युनानी यांच्या शिक्षणासाठी एक केंद्रीय परिषद नेमली. होमिओपॅथीसाठी १९७३ चा वेगळा कायदा झाला. १९७० च्या कायद्याचं कलम २२ म्हणतं की परिषद शिक्षणाचे किमान मानदंड ठरवील, आणि कलम ३६ तिला केंद्र सरकारच्या पूर्वमंजुरीने विनियम करायचा अधिकार देतं. प्रवेशाचं शततमक मात्र बराच काळ या विनियमांत नव्हतं. ७ डिसेंबर २०१८ च्या अधिसूचनेने परिषदेने विनियमांत दुरुस्ती केली: २०१९-२० पासून या पदव्यांच्या प्रवेशाला 'नीट' आणि किमान ५०, ४०, ४५ शततमक. होमिओपॅथी परिषदेनेही आठवड्याभरात तशीच दुरुस्ती केली. एमबीबीएसला जी रेघ होती तीच आता बीएएमएस, बीयूएमएस आणि बीएचएमएसला आली.

परिणाम काय झाला तो सहज समजण्यासारखा आहे. रेघेच्या वरची बरीचशी मुलं आधी एमबीबीएसकडे पाहतात, मग दंतवैद्यकाकडे, आणि अनेक जण पुन्हा वर्षभर थांबून परीक्षा देतात. आयुर्वेदाकडे मनापासून वळणारी मुलं आहेत, आणि ती कमी गुणांचीच असतात असं अजिबात नाही. पण सगळ्या जागा भरतील इतकी ती नाहीत. खासगी महाविद्यालयाचा खर्च फीवर चालतो. पहिल्या वर्षाची जागा रिकामी राहिली की ती पुढची साडेचार वर्षं रिकामीच राहते. या चिंतेतून पंजाबातल्या विनाअनुदानित आयुर्वेद महाविद्यालयांच्या महासंघाने पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयात धाव घेतली. तिथे अंतरिम आदेश मिळाला: अंतिम निकाल लागेपर्यंत किमान शततमकाचा आग्रह न धरता विद्यार्थ्यांना तात्पुरते प्रवेश द्यावेत. या आदेशाविरुद्ध केंद्र सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं.

महाविद्यालयांच्या म्हणण्याचे मुख्य धागे दोन. परिषदेला किमान शततमक ठरवण्याचा अधिकार मूळ कायद्यानेच दिलेला नाही, हा पहिला. दुसरा असा, की आयुर्वेद आणि एमबीबीएस हे वेगळे अभ्यासक्रम आहेत, दोन्हीला एकच मापदंड लावण्याची गरज नाही. वर जागा तर रिकाम्या पडून आहेत.

पहिल्याला न्यायालयाने कायद्याच्या शब्दांतूनच उत्तर दिलं. किमान मानदंड ठरवण्याचा अधिकार कलम २२ मध्ये आहे, विनियम करण्याचा कलम ३६ मध्ये. आणि प्रवेशाची पात्रता हा मानदंडाचाच भाग आहे. दुसऱ्याचं उत्तर मला जास्त मोलाचं वाटतं. आयुर्वेद, युनानी आणि होमिओपॅथीचे डॉक्टरही रुग्णच तपासतात. शिक्षणाचा किमान दर्जा राखला नाही तर महाविद्यालयांतून अर्धवट तयारीचे डॉक्टर बाहेर पडतील. पात्र उमेदवार मिळत नाहीत हे केंद्रीय परिषदेने ठरवलेला दर्जा खाली आणण्याचं कारण होऊ शकत नाही.

या उत्तरात आयुर्वेदाचा मान आहे, हे आयुर्वेदाच्या बाजूने बोलणाऱ्यांच्याही लक्षात येत नाही याचं मला वाईट वाटतं. 'आयुर्वेदाला कमी गुण चालतील' असं म्हणणारा माणूस आयुर्वेदाला मदत करत नसतो. तो म्हणत असतो, की इथे चूक झाली तरी फारसं बिघडणार नाही.

आपल्या राज्यात तर हे म्हणणं मुळीच खरं नाही. महाराष्ट्रात प्राथमिक आरोग्य केंद्रांवर गट-ब वैद्यकीय अधिकारी म्हणून बीएएमएस डॉक्टर काम करतात. तालुक्याच्या गावात रात्री अकरा वाजता ज्याचा दवाखाना उघडा असतो तो डॉक्टर बहुधा बीएएमएसच असतो. महाराष्ट्र वैद्यक व्यवसायी अधिनियम, १९६१ खाली नोंद झालेल्या या डॉक्टरांना, त्यांनी घेतलेल्या प्रशिक्षणाच्या मर्यादेत आधुनिक औषधं वापरण्याची मुभा राज्य सरकारने १९९२ च्या आदेशाने दिली आहे. छातीत कळ आलेल्या माणसाला पाहून 'हे पित्त आहे की हृदय' हा पहिला निर्णय तोच घेतो. जिल्ह्याच्या ठिकाणी पाठवायचं की घरी, हेही तोच सांगतो. त्या खुर्चीत बसणाऱ्याच्या पात्रतेचा तळ कुठे असावा, हा प्रश्न एखाद्या संस्थेच्या ताळेबंदाहून फार मोठा आहे.

निकालाचा शेवट मात्र जरा थांबून वाचावा लागतो. अंतरिम आदेशामुळे जी मुलं आधीच आत आली होती त्यांचं काय करायचं? न्यायालयाने सांगितलं, की १५ ऑक्टोबर २०१९ ही प्रवेशाची शेवटची तारीख होती. तिच्या आत ज्यांचे प्रवेश झाले त्या विद्यार्थ्यांना शिक्षण चालू ठेवू द्यावं. ही एकदाच दिलेली सवलत आहे, पुढच्या कोणत्याही प्रकरणात हा दाखला धरू नये.

म्हणजे कायदा केंद्राच्या बाजूने लागला, आणि त्या वर्षीच्या मुलांपुरती रेघ हललेलीच राहिली. प्रवेशाच्या बहुतेक खटल्यांचा सांगाडा असाच असतो. आधी निकाल, मग प्रवेशफेऱ्या, शेवटची तारीख तोंडावर आली की रिट याचिका. मूळ मुद्द्यावर सविस्तर सुनावणीला महिने लागतात आणि तारीख तर चार दिवसांवर आलेली असते. म्हणून न्यायालयासमोर पर्याय दोनच उरतात: आत्ता दार बंद ठेवायचं, म्हणजे पुढे मुलगा जिंकला तरी त्याचं वर्ष गेलेलं असेल, किंवा आत्ता दार उघडायचं, म्हणजे पुढे तो हरला तर वर्ष-दोन वर्षं शिकलेल्या मुलाला बाहेर काढावं लागेल. कुठल्याही न्यायमूर्तींना हे सोपं जात नसणार. पण संस्थेला मात्र दुसऱ्या पर्यायाचा फायदा होतो, कारण मूल एकदा वर्गात बसलं की सहानुभूती तिच्या बाजूने काम करू लागते.

१९८६ मध्ये आंध्र प्रदेशातल्या एका वैद्यकीय महाविद्यालयाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ही सहानुभूती स्पष्टपणे नाकारली होती. संलग्नता नसताना संस्थेने प्रवेश दिले होते आणि मुलांना परीक्षेला बसू द्या अशी विनंती होती. विद्यापीठाने स्वतःचाच कायदा मोडावा असा आदेश न्यायालय देऊ शकत नाही, असं उत्तर मिळालं. पुढच्या काळात मात्र न्यायालयांनी कधी हा कठोरपणा धरला, कधी 'एकदाच' म्हणत मुलांना वाचवलं. आणि 'एकदाच' हा शब्द वारंवार आला की संस्थाचालक त्याचा अर्थ आपल्या सोयीने लावतात. मला इथे मुलांना दोष द्यावासा वाटत नाही. अठराव्या वर्षी, कोणीतरी मोठ्या माणसाने 'कोर्टातून होऊन जाईल' असं सांगितल्यावर ती फॉर्म भरतात. जबाबदारी ती ओळ सांगणाऱ्याची असते.

आयुर्वेदाच्या या निकालानंतर वर्षभरातच दंतवैद्यकाच्या एका खटल्यात याच न्यायालयाने शततमक खाली आणलं. वरवर पाहणाऱ्याला वाटतं, आयुर्वेदाला एक न्याय आणि दातांना दुसरा. तसं नाही, आणि का नाही हे समजलं की सगळा वाद उलगडतो.

विनियमांत एक परंतुक असतं. परंतुक म्हणजे नियमाला जोडलेला 'मात्र' ने सुरू होणारा अपवाद. ते असं, की एखाद्या वर्षी पुरेशा संख्येने उमेदवार किमान गुण मिळवू शकले नाहीत, तर केंद्र सरकार परिषदेशी विचारविनिमय करून त्या वर्षापुरते किमान गुण कमी करू शकतं. हे परंतुक दंतवैद्यकाच्या विनियमांत आहे आणि आयुषच्याही, म्हणजे आयुर्वेद, युनानी, सिद्ध, होमिओपॅथीच्याही. रेघ हलवण्याचा हा राजरस्ता. त्यातले तीन शब्द महत्त्वाचे: 'पुरेशा संख्येने', 'विचारविनिमय' आणि 'त्या वर्षापुरते'.

२०२०-२१ मध्ये दंतवैद्यकाच्या सुमारे ७,००० जागा रिकाम्या होत्या. खुद्द भारतीय दंत परिषदेने शततमक कमी करण्याची शिफारस केली होती. केंद्र सरकारने ती नाकारली. मुख्य कारणं दोन दिली. देशात दंतवैद्य पुरेसे आहेत. आणि एमबीबीएस-बीडीएसच्या एका जागेमागे सात पात्र उमेदवार आहेत, मग 'पुरेसे उमेदवार नाहीत' असं कसं म्हणायचं? हर्षित अगरवाल विरुद्ध भारत सरकार या खटल्यात, फेब्रुवारी २०२१ मध्ये, न्यायालयाने ही दोन्ही कारणं तपासली. पहिलं कारण परंतुकात कुठेच नाही. दंतवैद्य किती आहेत याचा गुण कमी करण्याशी संबंध नाही. दुसऱ्या कारणातला हिशेब अपुरा निघाला. त्याच 'नीट'मधून आयुषच्या ५२ हजारांवर जागा भरल्या जातात, त्या सरकारने मोजल्याच नव्हत्या. शेवटी त्या वर्षापुरतं शततमक १० ने कमी झालं. शिवाय खासगी दंत महाविद्यालयांनी विद्यार्थी यावेत म्हणून फी कमी करण्याचा विचार करावा, असंही न्यायालयाने सांगितलं. हे शेवटचं वाक्य मला फार आवडतं. जागा रिकामी राहण्याचं कारण नेहमी गुणांतच शोधलं जातं; फीमध्ये ते शोधायला कोणी जात नाही.

दोन्ही निकाल शेजारी ठेवा. आयुर्वेदाच्या खटल्यात महाविद्यालयं म्हणत होती, की ही रेघ आखण्याचा अधिकारच परिषदेला नाही. आणि ती पुसली गेली अंतरिम आदेशाने. दंतवैद्यकाच्या खटल्यात रेघेचा अधिकार सगळ्यांना मान्य होता. ती हलवायची की नाही हे ठरवताना सरकारने चुकीची कारणं धरली, एवढाच मुद्दा होता. रेघ ४० वर असावी की ५० वर यात न्यायालय सहसा पडत नाही. ती कोणी हलवली, कोणत्या अधिकाराने आणि कोणत्या कारणासाठी, हे ते पाहतं. आणि सरकारने स्वतःहून ती हलवली तर ती किती खाली जाऊ शकते, याचं उदाहरण आयुर्वेदाबाहेरचं आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये आधुनिक वैद्यकाच्या पदव्युत्तर प्रवेशासाठी सर्व प्रवर्गांचं शततमक शून्यावर आणलं गेलं. म्हणजे परीक्षेला बसलेला प्रत्येक जण पात्र. आयुर्वेदाच्या दर्जाची चिंता करणाऱ्यांनी या निर्णयाचीही तितकीच चिंता करायला हवी होती.

विद्यार्थ्याच्या दर्जाइतकाच वाद महाविद्यालयाच्या दर्जावरून होतो, त्याबद्दल थोडक्यात. २००३ साली १९७० च्या कायद्यात कलम १३-अ आलं: केंद्राच्या पूर्वपरवानगीशिवाय नवं महाविद्यालय, नवा अभ्यासक्रम किंवा वाढीव जागा नाहीत. २०१६ च्या विनियमांनुसार ६० विद्यार्थ्यांच्या महाविद्यालयाला ६० खाटांचं रुग्णालय, रोज सरासरी १२० बाह्यरुग्ण आणि किमान ४० टक्के खाटा भरलेल्या असं लागत असे. तपासणीत त्रुटी निघाल्या की त्या वर्षीची परवानगी अडते आणि संस्था न्यायालयात जाते. कर्नाटकातल्या एका आयुर्वेद महाविद्यालयाच्या प्रकरणात एप्रिल २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं, की पुढच्या वर्षी त्रुटी दूर करून मिळालेली परवानगी मागच्या वर्षाला लावता येत नाही. परवानगी ज्या वर्षाची, प्रवेश त्याच वर्षाचे. विद्यार्थ्याच्या दृष्टीने हा नियम शततमकाइतकाच महत्त्वाचा आहे: ज्या रुग्णालयात रुग्णच येत नाहीत तिथे साडेचार वर्षांनंतरही नाडीपरीक्षा पुस्तकातलीच राहते.

संस्थांच्या बाजूने एक जुना आधार दिला जातो तो पी. ए. इनामदार विरुद्ध महाराष्ट्र राज्य या २००५ च्या निकालाचा. सात न्यायमूर्तींच्या पीठाने विनाअनुदानित संस्थांवर राज्य आपला कोटा लादू शकत नाही असं ठरवलं होतं. पण त्याच निकालात प्रवेश न्याय्य, पारदर्शक आणि पिळवणूक न करणारे असावेत, आणि त्यासाठी सामाईक परीक्षा घेता येईल, हेही आहे. संस्था चालवण्याच्या हक्कात पात्रता ठरवण्याचा हक्क येत नाही. पुढे २९ एप्रिल २०२० च्या वेल्लोर ख्रिश्चन मेडिकल कॉलेज प्रकरणात न्यायालयाने अल्पसंख्याक आणि विनाअनुदानित संस्थांनाही 'नीट' बंधनकारक असल्याचं सांगून हा धागा पक्का केला.

११ जून २०२१ पासून जुनी परिषद संपली आणि राष्ट्रीय भारतीय चिकित्सा प्रणाली आयोग आला. २०२० च्या या नव्या कायद्यात कलम १४ नेच पदवी प्रवेशासाठी एकसमान 'नीट' सांगितली आहे. पूर्वी 'परीक्षेचा अधिकार विनियमाला कुठून आला' असं विचारता येत होतं. आता परीक्षा संसदेच्या कायद्यातच बसली, तो दरवाजा बंद झाला. ५०, ४०, ४५ हे आकडे मात्र अजून विनियमांतच आहेत. त्यामुळे यापुढचे वाद 'नीट हवी का' यावर न होता 'या वर्षी परंतुक वापरायचं का' यावर होतील. याच कायद्यात पदवीच्या शेवटी राष्ट्रीय निर्गमन परीक्षेचीही तरतूद आहे. पास झाल्यावरच व्यवसायाचा परवाना. आत येताना आणि बाहेर पडताना अशी दोन्ही दारांवर देशभर एकच चाचणी झाली, तर १९९४ आणि १९९९ मधला तो जुना वाद नव्याने विचारात घ्यावा लागेल. मी तरी पहिलं दार सैल करण्याच्या बाजूने नसेन, कारण दुसऱ्या दारात अडकलेल्या मुलाची तोवर सहा वर्षं गेलेली असतात.

आपल्याकडे हे सगळं राज्याच्या सीईटी सेलच्या कॅप, म्हणजे केंद्रीय प्रवेशाच्या, फेऱ्यांतून प्रत्यक्षात येतं. तिथे पालकांत एक समज फार पसरलेला आहे, की 'मॅनेजमेंट कोट्याला कटऑफ नसतो'. तो चुकीचा आहे. किमान शततमक हे पात्रतेचं आहे, गुणवत्ता यादीचं नाही. कोटा कुठलाही असो, फेरी पहिली असो की शेवटची रिकाम्या जागांची, त्या रेघेखालच्या मुलाला बीएएमएसचा नियमित प्रवेश मिळत नाही. पैसे भरण्याआधी तीन कागद पाहावेत. आपल्या प्रवर्गाचं त्या वर्षीचं पात्रता शततमक आणि मुलाचं गुणपत्रक. त्या महाविद्यालयाला त्याच शैक्षणिक वर्षासाठी, तेवढ्याच जागांसाठी मिळालेलं आयोगाचं परवानगीपत्र. मागच्या वर्षीचं चालत नाही. आणि संस्थेने हातात दिलेलं प्रवेशपत्र, शेवटच्या ओळीपर्यंत. 'हा प्रवेश मा. न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहील' असं त्यावर बारीक अक्षरांत छापलेलं असेल, तर फी भरण्याआधी संस्थेकडून याचिकेचा क्रमांक मागून घ्यावा, आणि कोणी हमी देत असेल तर ती लेखी घ्यावी.